घर झोपलेलं असताना पीएस ५: आवाज नेमका कुठून येतो आणि तो कसा आवरला

टीव्हीच्या रिमोटवर म्यूट दाबलं की गेम गप्प होतो असं बऱ्याच जणांना वाटतं, पण पीएस ५ या सोनीच्या गेम कन्सोलच्या बाबतीत तसं होत नाही. टीव्ही गप्प होतो, पण हातातला कंट्रोलर बोलत राहतो कारण त्याला स्वतःचा स्पीकर आहे, कन्सोल चालू-बंद करताना खालच्या कॅबिनेटमधून वेगळाच बीप येतो, टीपॉयवर ठेवलेला कंट्रोलर व्हायब्रेट झाला की लाकूड घुमतं, आणि माइक चालू राहिला असेल तर आपल्या घरातला सगळा आवाज समोरच्या मित्राच्या कानात. म्हणजे आवाज एका जागेवरून येत नाही आणि त्याचं बटणही एका जागी नाही. हे एकदा डोक्यात पक्कं बसलं आणि मग माझं काम सोपं झालं, कारण आवाज आला की आधी "हा कुठून आला" एवढंच बघायचं, मग त्याच जागेचं सेटिंग उघडायचं. उगाच सगळीकडे बोटं घालत बसायचं नाही.

आमचं डोंबिवलीत वन बीएचके. हॉलच्या ज्या भिंतीवर टीव्ही आहे त्याच भिंतीच्या पलीकडे बेडरूम, आणि तिथे बायको आणि सात-आठ महिन्यांची लेक झोपलेल्या असतात. भिंत पातळ आहे, पलीकडे कोणी खोकलं तरी ऐकू येतं. मला खेळायला वेळ मिळतो तो रात्री जेवणं-भांडी आवरून, लेक झोपल्यावर. दिवसभर ऑफिस आणि लोकलचा प्रवास झाल्यावर तो एक-दीड तास माझ्यासाठी खरंच महत्त्वाचा आहे, आणि बायकोची झोपसुद्धा तेवढीच महत्त्वाची आहे, रात्री दोनदा-तीनदा तीच उठते. त्यामुळे "आवाज जरा कमी कर ना" हे वाक्य तिला म्हणावं लागू नये अशी माझी इच्छा होती.

कन्सोल दादाचा. तो दुबईला शिफ्ट झाला तेव्हा मला देऊन गेला. पहिल्या दिवसापासून एक त्रास होता, तो असा की गेममधली माणसं बोलायला लागली की काही ऐकूच यायचं नाही आणि मग मी टीव्ही २० च्या पुढे न्यायचो, आणि तेवढ्यात स्फोट किंवा बंदूक आली की अख्खी भिंत हलायची, मग घाईघाईत रिमोट शोधून परत ८ वर. रिमोट कायम मांडीवर. मला वाटायचं टीव्हीचे स्पीकरच तसे असतील, पातळ टीव्हीला स्पीकर खाली किंवा मागे तोंड करून असतात, आवाज भिंतीवर आपटून येतो, तेही एक कारण आहेच. पण मोबाइलवरून टीव्हीला एखादी मालिका लावली की संवाद व्यवस्थित ऐकू यायचे, तिथे काही प्रॉब्लेम नाही. म्हणजे घोळ कन्सोलकडून येणाऱ्या आवाजात होता.

मग सेटिंग्जमध्ये साउंड, त्यात ऑडिओ आउटपुट उघडलं. तिथे एचडीएमआय डिव्हाइस टाइप म्हणून एक ओळ असते आणि पर्याय तीन: टीव्ही, साउंडबार, एव्ही ॲम्प्लिफायर. आमच्याकडे एव्ही ॲम्प्लिफायर निवडलेलं होतं आणि चॅनल ७.१, म्हणजे सात स्पीकर आणि एक वूफर यांच्यासाठी वेगवेगळा आवाज. दादाकडे तेव्हा मोठा होम थिएटर सेट होता, त्याच्यासाठी ते अगदी बरोबर. पण माझा टीव्ही दोन स्पीकरचा. ५.१ किंवा ७.१ मध्ये संवाद बहुतेक सगळे मधल्या म्हणजे सेंटर चॅनलवर टाकलेले असतात, आणि इथे सेंटर स्पीकरच नाही, मग आलेले सगळे चॅनल दोन स्पीकरमध्ये कोंबायचं काम टीव्हीवर पडतं, आणि माझा टीव्ही ते काम नीट करत नव्हता, संवाद दबायचे आणि बाजूचे धमाके वर यायचे. डिव्हाइस टाइप 'टीव्ही' केला आणि त्याच क्षणी फरक. म्हणजे खरंच त्याच क्षणी, गेम मागे चालूच होता, एक बाई बोलत होती आणि तिचं वाक्य मध्येच एकदम स्वच्छ झालं. तेव्हापासून टीव्ही १० च्या वर न्यायची गरज क्वचितच पडते.

साउंडबार असेल तर अजून एक गोष्ट बघून घ्या. माझ्या मेहुण्याकडे साउंडबार टीव्हीच्या एआरसी पोर्टला (टीव्हीचा आवाज एचडीएमआय वायरने बाहेर पाठवणारं पोर्ट) लावलाय, तिथे कन्सोलमध्ये लिनिअर पीसीएम, म्हणजे न दाबलेला कच्चा आवाज, ठेवलं की सराउंड येतच नाही, फक्त स्टिरिओ येतं, कारण साध्या एआरसीतून पीसीएमचे दोनच चॅनल जातात. सराउंड हवं तर ऑडिओ फॉरमॅटमध्ये बिटस्ट्रीम डॉल्बी, म्हणजे दाबून आटोपशीर केलेला सराउंड आवाज, करायचं, किंवा टीव्ही आणि बार दोन्ही ई-एआरसीवाले (एआरसीचा नवा, जास्त चॅनल नेणारा प्रकार) पाहिजेत. २०२३ च्या सप्टेंबरमधल्या अपडेटनंतर पीएस ५ वर डॉल्बी ॲटमॉसही (वरूनही आवाज आल्यासारखा वाटणारा सराउंड) चालतं. पण रात्रीच्या वापरासाठी मी साउंडबार घेतलाच नाही आणि इतक्यात घेणारही नाही. वूफरचा धमधम आवाज स्लॅबमधून खाली जातो, आपल्याला वर कळतही नाही आणि खालच्या मजल्यावरच्या काकू सकाळी जिन्यात भेटल्या की विचारतात, "काल रात्री काही ठोकत होतात का रे?" फ्लॅटमध्ये राहणाऱ्याने एवढं तरी सांभाळलं पाहिजे असं माझं ठाम मत आहे, आवाज आपल्या चार भिंतीत राहतो असं धरून चालू नये.

संवाद सुधारले तरी मोठ्या-लहान आवाजातली दरी पूर्ण गेली नव्हती. त्यासाठी दोन ठिकाणी बघितलं. एक टीव्हीत, तिथे नाइट मोड किंवा ऑटो व्हॉल्यूम अशा नावाने काहीतरी असतं, ते मोठे आवाज खाली दाबतं आणि बारीक आवाज वर आणतं. दुसरं म्हणजे खुद्द गेममध्ये. आजकालच्या बऱ्याच गेमच्या ऑडिओ मेनूत डायनॅमिक रेंज (मोठ्या-लहान आवाजातलं अंतर) म्हणून पर्याय असतो, तो कमीत कमी करायचा. आणि त्याच मेनूत म्युझिक, इफेक्ट्स, डायलॉग असे वेगवेगळे स्लायडर असतात, ते आपण कोणी बघतच नाही, नवा गेम टाकला की थेट खेळायला लागतो. मी आता नवा गेम सुरू करताना आधी तिथेच जातो: डायलॉग पूर्ण, इफेक्ट्स निम्म्याच्या आसपास, म्युझिक त्याहून थोडं खाली. फुटबॉलच्या गेममध्ये कॉमेंट्री आणि स्टेडियमचा गोंगाट वेगवेगळा कमी करता येतो, मी गोंगाट खूप खाली आणतो आणि कॉमेंट्री ठेवतो, कारण रात्री त्या गोंगाटाचाच सगळ्यात जास्त त्रास, तो सलग चालू असतो.

आता कंट्रोलरचा स्पीकर. हा विषय मी आधी गंभीरपणे घेतलाच नव्हता कारण त्यातून बारीकसारीक टिकटिक यायची, गंमत वाटायची. मग मी 'डेथ स्ट्रँडिंग' खेळायला घेतला. त्यात नायकाच्या छातीवर एका काचेच्या कुपीत तान्हं बाळ असतं, आणि आपण पडलो-धडपडलो की ते बाळ रडतं, आणि ते रडणं टीव्हीतून न येता कंट्रोलरमधून येतं, मग कंट्रोलर हातात हलवून त्याला शांत करायचं. कल्पना म्हणून अप्रतिमच आहे, हातात खरंच काहीतरी जिवंत असल्यासारखं वाटतं. पण घरात खरं तान्हं बाळ असताना? रात्री बारा वाजता मी डोंगरावरून घसरलो, कंट्रोलरमधून ते रडणं सुरू झालं, आणि बेडरूमचं दार उघडून बायको बाहेर. डोळे अर्धवट मिटलेले, केस विस्कटलेले. "रडतीये का ती?" म्हणाली. लेक आत तिच्या शेजारीच झोपली होती, पण झोपेत तिला आवाज हॉलमधून आला म्हणून ती हॉलकडे धावली. मी कंट्रोलर पोटाशी दाबून धरला तरी आवाज येतच होता. टीव्ही तेव्हा ६ वर होता, म्हणजे टीव्हीचा काही संबंधच नाही.

तिला परत झोपायला पाठवलं आणि तिथल्या तिथे सेटिंग शोधलं. सेटिंग्ज, ॲक्सेसरीज, कंट्रोलर्स, तिथे स्पीकर व्हॉल्यूम आहे, तो शून्यावर आणला. त्याच पानावर व्हायब्रेशनची तीव्रताही आहे, ती 'वीक' केली, कारण कंट्रोलर मांडीवर असला तर ठीक पण टीपॉयवर ठेवला आणि गेममध्ये काही कोसळलं की घर्रर्र असा आवाज येतो आणि तो रात्री चांगलाच जाणवतो. ज्यांना कंट्रोलरमधून येणारा आवाज आवडतो त्यांनी दिवसा जरूर चालू ठेवावा, माझा दादा तर म्हणतो त्याशिवाय मजाच नाही. फक्त एक लक्षात ठेवा, २०२४ च्या मार्चमध्ये जे अपडेट आलं त्यात हा कंट्रोलरचा स्पीकर अजून मोठा आणि स्पष्ट केलाय, त्यामुळे आधी चालून जायचा तोच आकडा आता जास्त वाटू शकतो.

त्याच अपडेटमध्ये माइकही सुधारला, बटणांची टकटक आणि खोलीतला आवाज तो आता बऱ्यापैकी गाळतो. बऱ्यापैकी म्हणजे पंख्याचा आवाज जातो, पण कुकरची शिट्टी जात नाही, ती माझ्या मित्रांनी ऐकलेली आहे. पीएस ५ च्या ड्युअलसेन्स कंट्रोलरला माइक आतच बसवलेला असतो, हेडफोन लावलेला असो-नसो. पीएस बटणाच्या खाली एक छोटं आडवं बटण आहे, ते एकदा दाबलं की माइक म्यूट आणि नारिंगी दिवा लागतो. नारिंगी दिसतोय म्हणजे आपलं कोणालाही ऐकू जात नाही. ही एक गोष्ट मी घरात सगळ्यांना शिकवली, भाच्यालासुद्धा, कारण घरातलं बोलणं बाहेर जाणं हा आवाजापेक्षा मोठा प्रश्न आहे. आपल्याकडे हॉलमध्येच सगळं बोललं जातं, पगार, दवाखाना, नातेवाईक, आणि माइक चालू राहिला तर चार अनोळखी लोक ऐकतायत. म्हणून साउंडमधल्या मायक्रोफोनच्या पानावर जाऊन लॉगिन झाल्यावर माइक म्यूटच असावा असं सेट करून टाकलं. बोलायचं असेल तेव्हा आपण होऊन चालू करायचा.

भाच्यामुळे याची उलट बाजूही कळली. कन्सोलसोबत जो 'ॲस्ट्रोज प्लेरूम' येतो त्यात काही ठिकाणी कंट्रोलरवर फुंकर मारायची असते, मग स्क्रीनवरचा पंखा फिरतो. हा पोरगा गाल फुगवून फुगवून फुंकतोय आणि पंखा ढिम्म. शेवटी मी नारिंगी दिवा दाखवला आणि त्याला म्हटलं हे दाब आणि मग फुंक. फिरला.

त्याच बटणाचा दुसरा उपयोग मला फार उशिरा कळला आणि आता सगळ्यात जास्त तोच वापरतो. ते बटण दाबून धरलं की माइकबरोबर टीव्हीवर जाणारा कन्सोलचा आवाजसुद्धा बंद होतो, कंट्रोलरचा स्पीकरही. म्हणजे फोन वाजला, दारावर कोणी आलं, आतून लेकीचा बारीक आवाज आल्यासारखं वाटलं, की रिमोट शोधायचा नाही, अंगठा त्या बटणावर धरून ठेवायचा. कान देऊन ऐकायचं, ती परत झोपली की पुन्हा दाबून आवाज चालू. ज्याच्या घरात लहान मूल आहे त्याला याची किंमत कळेल.

बीपचं प्रकरण वेगळं. हा आवाज टीव्हीतून येत नाही, कन्सोलच्या डब्यातूनच येतो, चालू करताना, बंद करताना, रेस्ट मोडला, म्हणजे पूर्ण बंद न होता झोपेत, जाताना. पीएस ५ भारतात आला फेब्रुवारी २०२१ मध्ये, आणि त्यानंतर अडीच वर्षं हा बीप बंद करायची सोय मेनूत नव्हतीच. दादा तेव्हा कन्सोलवर उशी धरायचा. सप्टेंबर २०२३ च्या अपडेटमध्ये सेटिंग्ज, सिस्टिम, बीप साउंड असा पर्याय आला, कमी करता येतो किंवा पूर्ण बंद करता येतो. मी पूर्ण बंद केलाय. एवढ्याशा गोष्टीला एवढा वेळ लागायला नको होता असं मला मनापासून वाटतं, रात्री खेळणारे लोक जगभर आहेत.

एवढं सगळं केल्यावरही काही गेम स्पीकरवर खेळण्यात अर्थ नसतो, मागून कोण येतंय ते ऐकावं लागतं. मग इअरफोन. माझ्याकडे ब्लूटूथवाले होते, पण पीएस ५ त्यांना थेट घेत नाही, त्यासाठी वेगळा यूएसबी डोंगल लागतो. मी ते टीव्हीला जोडून बघितले. आवाज आला पण मागे पडायला लागला, स्क्रीनवर गोळी सुटते आणि ठो नंतर ऐकू येतो, मालिका बघताना टीव्ही चित्र थोडं थांबवून जुळवून घेतो पण गेममध्ये तसं करता येत नाही. डोकं दुखायला लागलं. शेवटी मोबाइलसोबत आलेला जुना वायरचा इअरफोन कंट्रोलरच्या खाली ३.५ एमएमच्या भोकात लावला आणि विषय संपला. अजिबात उशीर नाही, वेगळा खर्च नाही. इअरफोन लावूनही टीव्हीतून आवाज येत असेल तर ऑडिओ आउटपुटमध्ये 'आउटपुट टू हेडफोन्स' बघा, तिथे 'चॅट ऑडिओ' असेल तर फक्त मित्रांचं बोलणं कानात येतं आणि गेम टीव्हीवरच राहतो, 'ऑल ऑडिओ' करायचं.

आता इअरफोनचा व्हॉल्यूम कुठे? टीव्हीच्या रिमोटने तो हलत नाही. आणि उलट, टीव्हीच्या स्पीकरचा व्हॉल्यूम कन्सोलमध्ये शोधू नका, टीव्हीला कन्सोल ठरावीक पातळीवर आवाज पाठवतो, कमी-जास्त टीव्हीनेच करायचं. इअरफोनसाठी पीएस बटण एकदा दाबायचं, खाली जी पट्टी येते त्यात स्पीकरचं चिन्ह आहे, तिथे व्हॉल्यूम आहे आणि त्याच्याच खाली गेम आणि चॅट यांचा तोल, एका बाजूला सरकवलं की मित्र मोठे, दुसऱ्या बाजूला गेम मोठा. पार्टीत, म्हणजे मित्रांच्या ग्रुप चॅटमध्ये, एखादाच मित्र किंचाळत असेल तर त्याच्या एकट्याचा आवाजही कमी करता येतो, बाकीच्यांना हात न लावता. आमच्या ग्रुपमध्ये एक जण गोल झाला की माइकच्या अगदी तोंडाशी ओरडतो, प्रेमळ माणूस आहे, पण रात्री त्याची पट्टी मी निम्मी ठेवतो.

व्हॉल्यूमचं एक मात्र सांगतो. कानात थेट आवाज असला की हळूहळू वाढवत जायची सवय लागते. जागतिक आरोग्य संघटनेने मोठ्यांसाठी ८० डेसिबल आठवड्याला ४० तास ही सुरक्षित मर्यादा सांगितली आहे आणि लहान मुलांसाठी ७५. भाचा इअरफोन लावतो तेव्हा मी पट्टी मध्याच्या खाली आणूनच त्याच्या हातात कंट्रोलर देतो.

आणि माझ्या कामाची सगळ्यात मोठी गोष्ट इथे सापडली. मी दोन्ही कानात इअरफोन घालत नाही, एकच घालतो, दुसरा कान लेकीसाठी मोकळा. पण मग स्टिरिओमध्ये निम्मा गेम गायब होतो, उजव्या बाजूला कोणी बोललं तर डाव्या कानात पोचतच नाही. हे सोडवायला ॲक्सेसिबिलिटीमध्ये हेडफोनसाठी मोनो ऑडिओ आहे, ते चालू केलं की दोन्ही बाजूंचा आवाज दोन्ही बड्समध्ये सारखाच येतो. दिशा कळत नाही हे खरं, थ्रीडी ऑडिओचा उपयोगही उरत नाही, पण काहीच निसटत नाही. एका कानाने कमी ऐकू येणाऱ्यांना तर हे फार मोलाचं सेटिंग आहे, माझ्या एका मित्राला तसं आहे, त्याला मी लगेच फोन करून सांगितलं. त्याने पीएस ५ घेतल्यापासून शत्रू कायम एकाच बाजूने मारतात असं वाटायचं त्याला. आता तो रोज खेळतो.

एक त्रास अजून आहे आणि त्यावर मेनूत काही सापडलं नाही. गेम चालू केला की सुरुवातीला कंपन्यांचे लोगो येतात ते काही गेममध्ये पूर्ण आवाजात वाजतात, कारण आपण ठेवलेले स्लायडर त्यानंतर लागू होतात. तेवढ्यापुरता मी गेम उघडायच्या आधीच टीव्ही ३-४ वर आणून ठेवतो. आणि खेळ संपला की गेम बंद न करता कन्सोल रेस्ट मोडला टाकतो, म्हणजे दुसऱ्या रात्री लोगो न लागता जिथे सोडलं तिथूनच पुढे सुरू होतं. फक्त रेस्ट मोडमध्ये असताना मेन स्विच बंद करायचा नाही, आमच्याकडे झोपताना सगळे स्विच बंद करायची पद्धत आहे म्हणून त्या स्विचवर लाल टेप लावून ठेवलीये.